मुद्रांक शुल्काचा आदेश आलाय? पाकीट फेकू नका

मुद्रांक शुल्कात तूट निघाल्याचा, म्हणजे शुल्क कमी भरल्याचा, आदेश घेऊन आलेल्या ग्राहकाचा पहिला प्रश्न ठरलेला: "अपील करता येईल ना?" येईल. पण अशी अपिले चालवणारे आम्ही आधी आदेश ज्यातून आला ते पाकीट मागतो, आणि ते बहुतेकांनी फेकून दिलेले असते.

मुद्रांक जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशावर त्यांच्या वरच्या अधिकाऱ्यांकडे, म्हणजे मुख्य नियंत्रक महसूल प्राधिकाऱ्यांकडे, अपील करायला महाराष्ट्र मुद्रांक अधिनियमाने ६० दिवस दिले आहेत. हे दिवस आदेश हाती पडल्यापासून मोजायचे. आदेशावरची तारीख वेगळी, आणि सोसायटीच्या वॉचमनने पाकीट सही करून घेतले ती वेगळी. हा फरक दाखवणारा कागद म्हणजे पोस्टाचा शिक्का असलेले ते पाकीट. शिवाय ६० दिवस म्हणजे दोन महिने नव्हेत. ३ जुलैला आदेश मिळाला तर शेवटचा दिवस १ सप्टेंबर. ३ सप्टेंबरला येणाऱ्याला उशीर झालेला असतो.

मात्र सर्वाधिक नुकसान होते ते विनंती अर्जामुळे. आदेश चुकीचा वाटला की लोक त्याच कार्यालयात "फेरविचार व्हावा" असा अर्ज देतात, पोच घेतात आणि उत्तराची वाट बघत बसतात. परळहून आलेल्या एका आजोबांच्या फाइलीत असे तीन अर्ज होते. तिन्हींवर आवकचा जांभळा शिक्का, खाली तारीख आणि सही, सगळे प्लास्टिकच्या पिशवीत घडी न मोडता ठेवलेले. त्यांचा मुद्दाही खरा होता. इमारत जुनी, आणि शुल्कासाठी बाजारमूल्य काढताना घसारा, म्हणजे जुनेपणामुळे होणारी किमतीतली घट, धरलेलाच नव्हता. पण ते आमच्याकडे पोहोचले तेव्हा शंभर दिवस उलटून गेले होते. विनंती अर्जाने अपिलाची मुदत थांबत नाही. अर्ज द्यायचाच असेल तर द्या, पण अपील त्याच्यासाठी अडवून ठेवू नका.

उशीर झालाच तर अपिलासोबत विलंब माफीचा अर्ज जोडावा लागतो. तो मंजूर होईलच अशी हमी आम्ही देत नाही. कुणी देत असेल तर सावध राहा. "गावी होतो", "मुलगा बाहेरगावी असतो" एवढ्याने भागत नाही. रुग्णालयाचे डिस्चार्ज कार्ड, प्रवासाची तिकिटे असा तारखेचा पुरावा लागतो. म्हणूनच मुदतीनंतरच्या कामाचे आमचे शुल्क जास्त आहे. त्यावर काही ग्राहक नाराज होतात, पण अशा प्रकरणात मूळ मुद्द्याआधी उशिराचीच बाजू मांडावी लागते आणि कामाचा मोठा भाग त्यातच जातो.

"पुन्हा अभय योजना (तुटीत आणि दंडात सरकारी सवलत) येईल, तेव्हा बघू," असेही ऐकू येते. मागची योजना १ डिसेंबर २०२३ ला सुरू झाली, मुदतवाढ मिळत ३१ ऑगस्ट २०२४ पर्यंत चालली, आणि तीही ३१ डिसेंबर २०२० पर्यंतच्या दस्तांसाठीच होती. इकडे तुटीच्या रकमेवर दरमहा २ टक्के दंड चढत असतो, तोही दस्तावर सह्या झाल्यापासून. एक लाखाची तूट असेल तर महिन्याला दोन हजार.

आदेश अजून निघाला नसेल, नुसती नोटीस आली असेल तर उत्तम. सुनावणीला जा आणि लेखी म्हणणे द्या. क्षेत्रफळ कार्पेट की बिल्टअप, इमारतीचे वय किती, रेडी रेकनरचा (सरकारी दरपत्रकाचा) उपविभाग बरोबर आहे का, हे तिथेच निस्तरले तर अपिलाची वेळच येत नाही. या टप्प्यावर आमचा खर्चही सर्वांत कमी आहे.

आदेश वाचून "यात दम आहे की नाही" हे सांगायचे पैसे आम्ही घेत नाही. दम नसेल तर मुद्रांक शुल्क भरून मोकळे व्हा, असे तोंडावर सांगतो. दम असेल तर मात्र पूर्ण फाइल लागते: नोंदणीकृत करार, इंडेक्स टू (नोंदणीचा गोषवारा), इमारतीचा भोगवटा दाखला किंवा जुनी कर पावती, आणि यापूर्वी दिलेले सगळे अर्ज पोचेसह. व्हॉट्सअॅपवर पहिल्या पानाचा फोटो पाठवून "किती होतील?" विचारू नका, आकडेमोड बहुधा मागच्या पानांवर असते. आदेश मिळाल्यापासून पंधरा दिवसांच्या आत या, आणि येताना पाकीटही आणा.