मेहरगढचे उत्खनन आणि झाँ-फ्रान्स्वा जारीज

सिंधू संस्कृतीची नगरे उभी राहण्याच्या फार आधी बलुचिस्तानात शेतकऱ्यांची स्थिर वस्ती होती, हे ज्या उत्खननाने सविस्तर दाखवून दिले, त्याचे नेतृत्व झाँ-फ्रान्स्वा जारीज (१९४०–२०१४) या फ्रेंच पुरातत्त्वज्ञाने केले. बलुचिस्तानातल्याच पिराक या प्राचीन स्थळावरील कामानंतर १९७४ मध्ये त्यांनी पाकिस्तानच्या पुरातत्त्व खात्याच्या सहकार्याने बोलन खिंडीजवळील मेहरगढ हाती घेतले. बोलन नदीने काठ कापून काढल्यामुळे तेथे मातीच्या भांड्यांचाही वापर सुरू होण्यापूर्वीचे थर उघडे पडले होते. पत्नी कॅथरीन जारीज याही या कामात सहभागी होत्या.

मेहरगढचे खरे धन अगदी किरकोळ वाटणाऱ्या वस्तूंत होते. कच्च्या विटांच्या मातीत मिसळलेले धान्य कुजून गेले, पण त्याचे ठसे राहिले आणि त्यांवरून लोरेन्झो कोस्तान्तिनी यांनी जव हे तेथील मुख्य पीक असल्याचे ओळखले. रिचर्ड मेडो यांनी हाडे तपासली, तेव्हा खालच्या थरांत हरणांसारखे रानटी प्राणी अधिक आढळले, तर वरच्या थरांत गुरांचे प्रमाण वाढत गेले आणि त्यांचा आकार लहान होत गेला. प्राणी माणसाळल्याची ही ठळक खूण आहे, आणि ती गुरे आपल्या खिल्लारासारखी वशिंडाची होती.

एका दफनातील तांब्याच्या मण्यात ओवलेला धागा धातूच्या क्षारांमुळे टिकला आणि तो कापसाचा निघाला, याचे मला स्वतःला सर्वाधिक अप्रूप वाटते. २००६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासानुसार नऊ प्रौढांच्या अकरा दाढांवर गारगोटीच्या टोकाने छिद्रे पाडलेली होती आणि छिद्रांच्या कडा झिजलेल्या असल्यामुळे ती माणसे त्यानंतरही जगली, हे कळते.

पॅरिसच्या गिमे संग्रहालयाचे प्रमुखपद सांभाळतानाही जारीज यांनी हे संशोधन सोडले नाही. जवळच्या नौशारो येथील उत्खननातून त्यांनी मेहरगढपासून सिंधू नगरांच्या काळापर्यंतचा क्रम जोडून दाखवला, आणि माझ्या मते त्यांचे सर्वांत टिकाऊ योगदान हेच आहे.

कालमापन मात्र वादाचे ठरले. जारीज यांनी सर्वांत जुना टप्पा इ.स.पू. ७००० च्या आसपासचा मानला होता, परंतु २०२५ मध्ये दफनांतील दातांच्या एनॅमलवर केलेल्या रेडिओकार्बन मापनाने त्याची सुरुवात इ.स.पू. ५२०० ते ४९०० या काळात झाली असावी, असे सुचवले आहे. हे मान्य झाल्यास कापसाच्या धाग्याचे आणि कोरलेल्या दाढांचे वयही कमी होईल, आणि शेती येथे स्वतंत्रपणे घडली की पश्चिमेकडून तयार होऊन आली, या प्रश्नात दुसऱ्या पर्यायाचे वजन वाढेल.