प्रतिसाद निधी आणि सौम्यीकरण निधी: नेमका फरक कोठे आहे?

अतिवृष्टीनंतर ‘आपत्तीचा निधी आला का?’ असे गावोगाव विचारले जाते, तेव्हा दोन निराळे निधी एकाच शब्दात मिसळलेले असतात: आपत्तीला तोंड देण्याचा प्रतिसाद निधी आणि धोका आधीच कमी करण्याचा सौम्यीकरण निधी. आपत्ती व्यवस्थापन अधिनियम, २००५ मध्ये कलम ४६ राष्ट्रीय प्रतिसाद निधीचे, कलम ४७ राष्ट्रीय सौम्यीकरण निधीचे, तर कलम ४८ राज्य व जिल्हा पातळीवरील अशाच निधींचे आहे. (‘एनडीआरएफ’ म्हटले की नारिंगी गणवेशातले जवान आठवतात, पण ते राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दल कलम ४४ मधले; ‘फोर्स’ आणि ‘फंड’ यांमुळे दल व प्रतिसाद निधी यांची इंग्रजी आद्याक्षरे तीच असल्याने घोळ वाढतो.)

प्रतिसाद निधीची सुरुवात पंचनाम्याने होते. तलाठी, ग्रामसेवक आणि कृषी सहायक चिखलातून बांधावर पोहोचतात, आडव्या पिकाचा फोटो काढतात, गट नंबर लिहून घेतात. नुकसान किमान ३३ टक्के असेल तरच पिकासाठी मदत लागू होते. म्हणजे येथे नुकसान हाच पुरावा असतो.

सौम्यीकरण निधीत पंचनामा नसतो, कारण काही घडलेलेच नसते. डोंगरमाथ्यावर पाणी वळवणारा चर खणायचा, उतारावर जाळीतल्या दगडांची भिंत घालायची किंवा वस्तीच हलवायची असेल, तर धोका आहे हे भूवैज्ञानिक पाहणी, आराखडा आणि अंदाजपत्रक यांच्या आधारे पटवून द्यावे लागते. हे काम संथ आहे, आणि राजकीयदृष्ट्या बिनफायद्याचेही, कारण न कोसळलेल्या दरडीसमोर कोणी धनादेश वाटत नाही. राष्ट्रीय सौम्यीकरण निधी कायद्यानंतर तब्बल सोळा वर्षांनी, २०२१ मध्ये स्थापन झाला, याचे मला म्हणूनच फारसे नवल वाटत नाही.

पंधराव्या वित्त आयोगाने २०२१ ते २०२६ या पाच वर्षांसाठी राज्यांच्या आपत्ती निधीकरिता १,६०,१५३ कोटी रुपयांची शिफारस केली. बहुतेक राज्यांत त्यातील तीन चतुर्थांश वाटा केंद्राचा, तर ईशान्येकडील व हिमालयीन राज्यांत ९० टक्के. एकूण रकमेपैकी ८० टक्के प्रतिसादाकडे आणि २० टक्के सौम्यीकरणाकडे गेले. त्या ८० मध्ये ४० टक्के तातडीच्या मदतीसाठी, ३० टक्के पुनर्बांधणीसाठी आणि १० टक्के पूर्वतयारीसाठी होते. पूर्वतयारी प्रतिसादात मोडते, हे अनेकांच्या लक्षात येत नाही: बोटी, दोरखंड आणि प्रशिक्षण यांनी माणसे वाचतात, पण दरड कोसळायची थांबत नाही.

खरा गोंधळ घरांबाबत होतो. दरड कोसळल्यावर वाचलेल्यांना सुरक्षित जागी घरे बांधून देणे ही, आजच्या चौकटीत, पुनर्बांधणी ठरते. तीच घरे, त्याच सुरक्षित जागी, दरडीच्या आधी बांधली तर ते सौम्यीकरण. विटा, सिमेंट आणि गवंडी तेच राहतात, फक्त क्रम उलटतो.

माळीण (३० जुलै २०१४) आणि तळिये (२२ जुलै २०२१) येथील दरडींच्या दुर्घटनांनंतर दरडप्रवण गावांच्या याद्यांची चर्चा वाढली. आधी करायचा खर्च अशा याद्यांवरच बेतलेला असतो, म्हणून यादी अपुरी असली की आराखडाही अपुरा राहतो: १९ जुलै २०२३ च्या रात्री खालापूर तालुक्यातली इर्शाळवाडी गाडली गेली, तेव्हा तिचे नाव दरडप्रवण गावांच्या यादीत नव्हते. म्हणून घरामागच्या उताराला भेग दिसली की तिची तारीख, लांबी आणि फोटो यांसह ग्रामसभेचा ठराव करून तो तहसीलदारांमार्फत जिल्हा आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरणाकडे पाठवावा आणि त्यात मदत न मागता भूवैज्ञानिक पाहणीची मागणी करावी.