अस्वलापुढे मेल्याचं सोंग? आधी हे वाचा

पुण्याहून ताडोबा, मेळघाट किंवा हंपीजवळच्या दरोजीला अस्वलं बघायला निघालेल्या ग्रुपमध्ये कुणीतरी हमखास सांगतं, "अस्वल आलं तर झाडावर चढा, नाहीतर श्वास रोखून पडून राहा. मेलेल्याला ते शिवत नाही." लहानपणी ऐकलेल्या दोन मित्रांच्या गोष्टीतला हा सल्ला जिवावर बेतू शकतो.

आपलं अस्वल मधासाठी सरसर झाडावर चढतं. त्याची वाकडी, बोटभर लांब नखं वारूळ फोडायला बनलेली आहेत. वरचे पुढचे दोन दात नसतात. त्या फटीतून ते वाळवी सुर्रकन ओढतं, आणि तो आवाज बराच लांबवर येतो. आणि मेलेलं जनावर? मिळालं तर तेही खातं.

ते माणसाला शोधत येत नाही. वाळवी खाण्यात गुंग असताना अचानक जवळ गेलं, की घाबरून अंगावर येतं. पाठीवर पिल्लं असतील तर जास्तच. म्हणून सफारीत जिप्सीतून उतरू नका. रानवाटेनं पायी जावंच लागलं तर बोलत जा. हल्ला झालाच तर पालथं पडून हातांनी मान आणि चेहरा झाका. हे सोंग नव्हे, डोकं वाचवणं आहे.