गाणारा नट मास्तर कसा होतो? गोव्यातल्या संगीत नाटकाची पार्श्वभूमी

आमच्या फोंडा भागातल्या गावात एक मास्तर आहेत. नाव लिहीत नाही, त्यांना ते आवडायचं नाही. वय ऐंशीच्या पुढे गेलंय. तरुणपणी जत्रेच्या नाटकात कृष्ण करायचे, मग हळूहळू नाटकं बसवायला लागले, आणि आता कितीतरी वर्षं देवळाच्या मागच्या खोलीत संध्याकाळी पोरांना पदं, म्हणजे नाटकातली गाणी, शिकवतात. यंदा मंडळाने त्यांचा सत्कार ठरवला आणि चार ओळी लिहायचं काम माझ्याकडे आलं, तेव्हा बाहेरून आलेल्या एका मुलाने अगदी सरळपणे विचारलं की हे नक्की कोण, सिंगर की डायरेक्टर की टीचर? त्याचं काही चुकलं नाही, पण आमच्याकडे हा प्रश्न कधी कुणाला पडलेलाच मी पाहिला नाही. तो का पडत नाही हे सांगायचं तर बरंच मागे जावं लागतं, म्हणून हे जरा लांबलंय.

अण्णासाहेब किर्लोस्करांचं संगीत नाटक 'शाकुंतल' 1880 साली पुण्यात रंगभूमीवर आलं, दोन वर्षांनी 'सौभद्र', आणि तिथून नाटक कंपन्यांचा जमाना सुरू झाला. कंपनी म्हणजे फिरतं बिऱ्हाड. गळा चांगला असला की दहा-बारा वर्षांची मुलंसुद्धा घ्यायचे, राहणं-जेवण कंपनीत आणि सकाळी उठल्यापासून तालीम. ही तालीम द्यायचं कोण, तर गवई ठेवलेले असायचेच पण त्याहून जास्त शिकवायचे ते मोठे नट, जे कालपर्यंत त्याच भूमिका करत होते. म्हणजे शिकणारा आणि शिकवणारा यांच्यात फार तर चार-पाच वर्षांचं अंतर, आणि आज नटी, म्हणजे बाईचं काम, करणारा मुलगा उद्या आवाज फुटला की दुसऱ्या मुलाला तीच नटी शिकवणार. कागदावर संहिता असायची, पण पद कसं म्हणायचं, कुठे थांबायचं, कुठल्या विंगेतून यायचं हे सगळं माणसांच्या अंगात असायचं. ते एका अंगातून दुसऱ्यात गेलं नाही तर नाटकच संपलं.

गोव्यातून या कंपन्यांत माणसं गेली त्यामागे आमची देवळं आहेत. देवळात गाणं होतं, कीर्तन होतं, कलावंत घराण्यांतल्या बायकांचं गाणं होतं जे समाजाने वापरलं आणि मान मात्र फार उशिरा दिला (हे लिहिताना अजूनही त्रास होतो, पण टाळून पुढे जाता येत नाही). दीनानाथ मंगेशकर 1900 साली मंगेशीला जन्मले, किर्लोस्कर कंपनीत गेले, आणि 1918 साली म्हणजे विशीच्या आत चिंतामणराव कोल्हटकर आणि कृष्णराव कोल्हापुरे यांच्याबरोबर बळवंत संगीत मंडळी काढली. तिथे ते गायक नट होते, मालक होते आणि शिकवणारेही होते. लहानग्या लतादीदींनी वडिलांच्या शिष्याला चुकताना ऐकलं, स्वतः गाऊन दाखवलं आणि मग दीनानाथांनी त्यांना शिकवायला घेतलं, ही गोष्ट सगळ्यांना माहीत आहे, पण मला त्यात वेगळंच दिसतं. नाटक कंपनीचा मालक घरात शिष्य घेऊन बसलेला आहे, म्हणजे शिकवणं हे म्हातारपणासाठी राखून ठेवलेलं काम नव्हतंच.

मोगूबाई कुर्डीकरांचंही तसंच. 1904 साली कुर्डीत जन्म, ते गाव आता साळावली धरणाच्या पाण्याखाली असतं आणि उन्हाळ्यात पाणी ओसरलं की वर येतं. लहानपणीच त्या चंद्रेश्वर भूतनाथ संगीत मंडळीत गेल्या, नंतर सातारकर स्त्री संगीत मंडळीत, नाटकातल्या भूमिका केल्या, आणि पुढे मोठे गवई अल्लादियाखाँसाहेब यांची तालीम मिळून त्या केवढ्या मोठ्या गायिका आणि गुरू झाल्या हे त्यांच्या लेकीचं, किशोरीताई आमोणकरांचं, गाणं ऐकलेल्या माणसाला सांगायला नको. बांदिवड्याच्या ज्योत्स्ना भोळे 1933 साली 'आंधळ्यांची शाळा' मध्ये उभ्या राहिल्या, जेव्हा बायकांची कामं बायकांनीच करायची हे मराठी रंगभूमीवर अजून रुळायचं होतं.

मग बोलपट आले. 1931-32 नंतर कंपन्या एकेक करून मोडल्या, बळवंत मंडळी पण सिनेमाच्या धंद्यात गेली आणि त्यात बुडाली. मोठ्या नावांचं काय झालं ते पुस्तकांत आहे. छोट्या नावांचं काय झालं ते आमच्याकडच्या जुन्या लोकांकडून ऐकलंय, की कंपनीत दुय्यम कामं केलेले, पेटी वाजवणारे, प्रॉम्प्टिंग करणारे असे कुणी ना कुणी गावी परत यायचे, आणि त्यांच्या डोक्यात तीन-चार अख्खी नाटकं असायची. इथे दर जत्रेला, दर उत्सवाला नाटक लागतंच, झांबावलीच्या गुलालाला, म्हणजे तिथल्या देवळाच्या गुलालोत्सवाला, तर नाटकाशिवाय शोभाच नाही, आणि करणारे सगळे हौशी, दिवसा शेतात नाहीतर दुकानात. त्यांना बसवून देणारा माणूस हवा होता आणि असा माणूस घरी आलेला होता. असाच एक कंपनीवाला आमच्या मास्तरांचा मास्तर, त्याने त्यांना चौदाव्या वर्षी नांदीला, म्हणजे नाटकाच्या सुरुवातीच्या स्तवनाला, उभं केलं.

तियात्राचंही एका वाक्यात सांगायला हवं, कारण 1892 साली मुंबईत सुरू झालेल्या त्या कोंकणी रंगभूमीवरसुद्धा लिहिणारा, बसवणारा, गाणारा अनेकदा एकच माणूस असतो, तेव्हा गोव्यातल्या ख्रिश्चन शेजाऱ्यालाही हा प्रकार परका नाही.

आता तालमीत काय व्हायचं ते सांगते, कारण बाहेरच्यांना वाटतं की मास्तर म्हणजे गाणं शिकवणारा. आमच्याकडे पहिली अडचण भाषेची. घरात कोंकणी, स्टेजवर मराठी, आणि ती पण शंभर वर्षांपूर्वीची संस्कृतने भरलेली मराठी. पोर्तुगीज राजवटीत मराठी टिकली ती घरातल्या पोथ्या, खाजगी शाळा, कीर्तन आणि नाटक यांच्यावर. त्यामुळे मास्तर आधी पद नुसतं वाचून घेतात, अर्थ सांगतात, 'च' आणि 'ज' चे दोन-दोन उच्चार घासून घेतात, मग चाल, मग पेटीबरोबर, मग तबला, आणि हे सगळं झालं की उभं करतात. उभं केलं की निम्मं गाणं विसरायला होतं, कारण हात कुठे ठेवायचे तेच कळत नाही.

मी स्वतः 'सौभद्र' मध्ये रुक्मिणी केली होती. कृष्ण रुसलेल्या रुक्मिणीची समजूत काढायला 'नच सुंदरी करू कोपा' म्हणतो, आणि रंगलं की ते पद चांगलं लांबतं, वन्समोअर आला तर विचारू नका. तेवढा वेळ रुक्मिणीने काय करायचं? संहितेत काही नाही. मी पहिल्या दिवशी पुतळ्यासारखी उभी राहिले, कृष्ण करणारा मुलगा प्रेक्षकांकडे तोंड करून ताना घ्यायला लागला. मास्तरांनी पेटी थांबवली आणि म्हणाले, आयक गो बाये, तो तुझ्यासाठी गातोय, तू ऐकलं नाहीस तर लोकांनी का ऐकावं. मग त्यांनी एकेक ओळ घेऊन सांगितलं, इथे मान वळव, इथे राग अजून आहे, इथे हसू येतंय पण दाबायचं, ही तान संपते तिथे पहिल्यांदा त्याच्याकडे बघ. आणि त्या मुलाला सांगितलं की ती बघेपर्यंत तान वाढव, बघितल्यावर थांब. म्हणजे तान किती घ्यायची हे रुक्मिणीने ठरवायचं. हे त्यांना कुठल्या कोर्समध्ये कळलं नव्हतं, वीसेक वर्षं कृष्ण करताना समोरची रुक्मिणी कधी ऐकते आणि कधी नुसती उभी असते ते त्यांनी भोगलेलं होतं. माझ्या मते गाणारा नट दिग्दर्शक होतो तो नेमका इथे, त्याला आपल्या पदाच्या वेळी दुसऱ्याचं काम दिसायला लागतं तेव्हा.

हीच गोष्ट मोठ्या पातळीवर मुंबईत झाली. 1919 साली तिथल्या गोवेकरांनी काढलेली धी गोवा हिंदू असोसिएशन, तिचा कला विभाग, आणि त्यांचे दिग्दर्शक मास्टर दत्ताराम, म्हणजे आमच्या वळवईचे. मुळात नट. 1962 चं 'रायगडाला जेव्हा जाग येते' त्यांनी बसवलं आणि 1964 चं 'मत्स्यगंधा' पण, दोन्ही वसंत कानेटकरांची. 'मत्स्यगंधा'ला संगीत मंगेशीच्या जितेंद्र अभिषेकींचं, गायला म्हापशाचे रामदास कामत आणि गोव्याच्याच आशालता वाबगावकर. मरायला टेकलेलं संगीत नाटक या नाटकाने परत उभं केलं असं म्हणतात आणि मला ते पटतं. अभिषेकीबुवांनी पदं आटोपशीर केली, प्रसंग अडवून ठेवणारी लांबण काढली, तरी राग तसाच्या तसा भरलेला. पण आटोपशीर पद बसवणं जास्त अवघड असतं हे लोक विसरतात, नट तीन मिनिटांत सगळं सांगून मोकळा झाला पाहिजे, तिथे नटाची अडचण जाणणारा दिग्दर्शक असला तरच ते जमतं. आणि बुवांनीही शिकवणं सोडलं नाही, शिष्य घरी ठेवून, जुन्या पद्धतीने.

1961 ला गोवा मुक्त झाला, पुढे कला अकादमी आली, कांपालला मांडवीच्या काठावर चार्ल्स कोरियांनी बांधलेली तिची वास्तू 1983 साली पुरी झाली आणि आतल्या मोठ्या नाट्यगृहाला दीनानाथांचं नाव दिलं. अकादमीच्या नाट्यस्पर्धांनी गावातल्या मास्तरांचं आयुष्य बदललं. जत्रेच्या नाटकाला दिग्दर्शक असा शब्दच नव्हता, मास्तर म्हटलं की झालं. स्पर्धेत मात्र फॉर्मवर दिग्दर्शकाचं नाव लिहावं लागतं, दिग्दर्शनाला वेगळं बक्षीस असतं, वेळ बांधलेली असते, लाईट्स आणि नेपथ्याचा विचार करावा लागतो. आमच्या मास्तरांनी पन्नाशी जवळ आल्यावर हे सगळं नव्याने शिकून घेतलं, रात्रभर चालणारं नाटक अडीच-तीन तासांत बसवताना कुठलं पद काढायचं यावर दोन-दोन दिवस विचार करत बसायचे. एक पद काढलं की ते शिकायला आतुर झालेलं एक पोर नाराज होतं, ते त्यांना सहन व्हायचं नाही, मग ते पद त्या पोराला तरीही शिकवायचे, नाटकात नसलं तरी. देवळामागची खोली सुरू झाली ती अशा काढलेल्या पदांसाठी. नाट्यविद्यालयात शिकून आलेली मुलंही आता तिथे येतात, त्यांना आवाज कसा फेकायचा, रंगमंच कसा वापरायचा हे छान येतं, पदाचं तेवढं राहिलेलं असतं.

हल्लीची पोरं यूट्यूबवरून पद पाठ करून येतात, रेकॉर्डमधल्या मोठ्या गायकाच्या ताना जशाच्या तशा. मास्तर पहिल्यांदा ते पूर्ण ऐकून घेतात, कौतुक करतात, मग सगळ्या ताना काढायला लावतात आणि विचारतात, समोर कोण आहे?

आता त्यांचा आवाज वरच्या षड्जाला जात नाही. म्हणून गाऊन दाखवणं बंद झालंय, पेटी नातू वाजवतो. मागच्या आठवड्यात मी गेले तेव्हा बारावीतला एक मुलगा कृष्ण करत होता आणि रुक्मिणी करणारी मुलगी परीक्षेमुळे आली नव्हती. मास्तर उठले, खांद्यावरचा पंचा नीट केला आणि त्या मुलाकडे पाठ करून रुसून उभे राहिले. तो गायला लागला, त्यांनी बराच वेळ मान वळवली नाही.