निरांजनातून प्राणवायू निघत नाही

'दहा ग्रॅम गाईच्या तुपाचा दिवा लावला की एक टन प्राणवायू तयार होतो' हा मेसेज सणासुदीला दरवर्षी नव्याने फिरतो. सोबत 'शास्त्रज्ञांनी सिद्ध केलंय' हेही असतं. कोणत्या शास्त्रज्ञांनी, ते मात्र कधीच नसतं.

10 ग्रॅम तुपातून 1,000 किलो कसलाच वायू निघू शकत नाही. जळाल्याने वस्तुमान वाढत नाही. तूप आणि हवेतून ओढलेला प्राणवायू मिळून जेवढं वजन होतं, तेवढंच बाहेर पडतं. म्हणजे ज्योत प्राणवायू देत नाही, खाते. 10 ग्रॅम तूप पूर्ण जळायला साधारण 28 ग्रॅम प्राणवायू लागतो. बदल्यात जवळपास तेवढाच कार्बन डायऑक्साइड आणि 11 ग्रॅमच्या आसपास पाण्याची वाफ मिळते. तूप गाईचं की म्हशीचं, घरी कढवलेलं की डेअरीचं, या हिशेबात फारसा फरक पडत नाही.

पटत नसेल तर पेटत्या निरांजनावर काचेचा पेला पालथा घाला. ज्योत बारीक होत जाते आणि काही क्षणांत विझते. आत प्राणवायू तयार होत असता तर ती चांगली तेवत राहिली असती! ज्योतीवर वाटी धरली की जमते ती काजळी, म्हणजे अर्धवट जळलेला कार्बन. पूर्वी घरोघरी काजळ धरायचे ते असंच.

एका फुलवातीने घरातली हवा बिघडत नाही, हेही खरं. धूप, उदबत्ती आणि होमाचा धूर मात्र बराच असतो. घरात कुणाला दमा असेल तर तेवढा वेळ खिडक्या सताड उघड्या ठेवाव्यात.