सोळा आण्यांची जमीन

गेल्या आठवड्यात आमच्या भावकीच्या ग्रुपवर एक मेसेज येऊन आदळला. 1089 ही म्हणे सिद्ध संख्या. 732 घ्या, उलटा करून वजा करा, 495 येतात. ते उलटे करून त्यातच मिळवा, 1089! आणि म्हणूनच आपल्या ऋषींनी गुंठा 1089 चौरस फुटांचा ठेवला. खाली हात जोडलेले अकरा जण.

आकड्यांची गंमत खरी आहे. तीन अंकी संख्येच्या पहिल्या आणि शेवटच्या अंकात दोन किंवा जास्त फरक असला की वजाबाकीचं उत्तर 99 च्या पाढ्यातच पडतं, आणि पुढची बेरीज ठरलेली. शाळेतली पोरं हे कागदावर सिद्ध करतात. पण गुंठ्याचं काय? ऋषींकडे फूट नव्हता. 1089 म्हणजे 33 गुणिले 33, आणि हे 33 फूट थेट इंग्लंडच्या नांगरटीतून आलेत.

सतराव्या शतकात एडमंड गंटर नावाच्या इंग्रज गणित्यानं जमीन मोजायला 66 फुटांची साखळी बनवली. 22 यार्ड म्हणजे क्रिकेटची खेळपट्टी, तेवढीच. एक साखळी रुंद आणि दहा साखळ्या लांब पट्टा म्हणजे एक एकर. दहा साखळ्यांचा फर्लांग म्हणजे मुळात तिकडच्या बैलांच्या नांगराच्या एका सरीची लांबी. मुंबई इलाख्याच्या मोजणीत ही साखळी निम्मी केली. 33 फुटांची शंकूसाखळी, तिचा चौरस म्हणजे गुंठा, चाळीस गुंठ्यांचा एकर.

पण माझा जीव जडलाय तो पुढच्या करामतीवर. गंटरच्या साखळीत शंभर कड्या होत्या. इथल्या साखळीचे भाग केले सोळा, आणि प्रत्येक भागाला नाव दिलं आणा. का? कारण तेव्हा रुपयाचे सोळा आणे असत, आणि इथला कारकून रुपये-आणे झोपेतही जुळवायचा. समजा शेताचा तुकडा 12 साखळ्या 8 आणे लांब आणि 6 साखळ्या 4 आणे रुंद आहे. म्हणजे साडेबारा गुणिले सव्वासहा. उत्तर 78 गुंठे 2 आणे (गुंठ्याचेही सोळा आणे), अर्थात 1 एकर 38 गुंठे 2 आणे. पावकी-निमकीचे पाढे पाठ असले की झालं. वेडंवाकडं शेत असेल तर त्यात मधोमध एक रेघ धरायची, तिच्यावर काटकोनात लंब टाकायचे, त्रिकोण-चौकोन पाडायचे आणि बेरीज मारायची. ती कच्ची आकृती आणि तिच्यावरची मापं म्हणजे टिपण. बांधाचं भांडण मोजणीवर गेलं की आजही आधी तेच काढतात.

त्याआधी इकडे काठी होती, पाच हात पाच मुठींची. हात कुणाचा, हा प्रश्न होताच. शिवाय बिघा हे जमिनीचं माप गावागणिक बदलायचं, कधी जमिनीचा कस पाहूनही.

1818 ला पेशवाई गेली आणि कंपनी सरकारला सारा, म्हणजे शेतजमिनीवरचा कर, ठरवायचा होता. पहिला प्रयत्न प्रिंगल या अधिकाऱ्याचा, 1830 च्या आसपास, पुणे भागात. तो अर्थशास्त्र शिकून आलेला. पिकाच्या किमतीतून लागवडीचा खर्च वजा करायचा आणि उरलेल्याचे 55 टक्के सरकारचे, असा त्याचा हिशोब. कागदावर झकास! पण लागवडीचा खरा खर्च सांगणार कोण? आकडे चुकले, खालच्यांनी हात ओले केले, लोक शेतं टाकून निघून गेले.

गोल्डस्मिड आणि विंगेट या इंग्रज अधिकाऱ्यांनी 1836 मध्ये इंदापूरला वेगळी वाट धरली. उत्पन्न किती हे विचारायचंच नाही. हे शेत त्या शेताच्या मानानं किती उतरतं, एवढंच पाहायचं. मोजायला कठीण असलेला आकडा सोडून सोपं गुणोत्तर धरलं, आणि विज्ञानात ही युक्ती वारंवार कामी येते. शेताचे सारखे भाग पाडायचे, प्रत्येकात खणून माती किती खोल ते पाहायचं. पावणेदोन हात खोल, बारीक, एकसारखी काळी माती असेल तर सोळा आणे. खोली कमी होईल, पोत उतरेल तसे 14, 12, 10, 8, 6, साडेचार, 3 आणि शेवटी 2. चुनखड मिसळलेली आहे, रेती आहे, उतार आहे, पाणी साचतं, असा एकेक दोष निघाला की प्रत एका पायरीनं खाली. सहा भागांत 12, 10, 10, 8, 8, 6 निघाले तर बेरीज 54, सरासरी 9 आणे. गावाचा सर्वांत वरचा दर, हवामान आणि बाजार किती लांब हे बघून ठरवलेला, समजा एकरी रुपया असेल, तर या शेताला एकरी नऊ आणे.

साखळी सोळा आण्यांची, माती सोळा आण्यांची, रुपयाही सोळा आण्यांचा. तिन्हींचा गुणाकार एकाच पाढ्यात बसतो. इथे मला खरंच टोपी काढावीशी वाटते, टोपी कुणाची हे बाजूला ठेवून.

आता याची दुसरी बाजू. प्रत्येक सर्व्हे नंबरासमोर एकाच खातेदाराचं नाव आलं, सारा रोखीत आणि तीस वर्षांसाठी बांधलेला. बांधलेला म्हणजे पाऊस पडो न पडो, ठरलेला. आणि ज्या जमिनीला नंबर, क्षेत्र, नाव आणि आकार (म्हणजे ठरलेला सारा) आहे ती गहाण टाकायला सोपी. सावकार आधीही होते, पण आता त्यांच्या हाती जमीन होती आणि पाठीशी कोर्टाचा हुकूमनामा. अमेरिकेतल्या यादवीमुळे कापसाचा भाव चढला, मग उतरला. इंदापूरची तीस वर्षं 1867 ला संपली आणि सारा वाढला. 12 मे 1875 ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांची दुकानं-घरं लुटली. पुणे-नगर भागात गावोगाव मागणी एकच होती, कर्जरोखे बाहेर काढा; हाती आलेले जाळले. जमीन मोजणाऱ्या कागदाचं उत्तर लोकांनी कागद जाळून दिलं. 1879 ला सरकारनं शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा आणला. साखळी मात्र तीच राहिली.

आणा 1957 ला चलनातून गेला. तरी दुष्काळ पडला की आपण आणेवारी, म्हणजे पिकाचा अंदाज, किती लागली असंच विचारतो, सरकारी कागदावर पैसेवारी असली तरी. सातबाऱ्यावरच्या 'आकार' या रकान्यात आजही दोन-चार रुपये काही पैसे दिसतात, ते याच मोजणीचे वंशज.

ग्रुपवर मी एवढं सगळं लिहिलं नाही. काकांना फक्त एक हिशोब पाठवला, कारण ते दहा गुंठे घ्यायच्या खटपटीत आहेत. सातबाऱ्यावर क्षेत्र हेक्टर-आरमध्ये असतं. आर म्हणजे 100 चौरस मीटर, 1076 चौरस फुटांच्या थोडं वर. एजंट सरळ 'आर म्हणजेच गुंठा' म्हणतो. गुंठ्यामागे 12.6 चौरस फूट कमी, दहा गुंठ्यांत 126. बारा बाय साडेदहाची एक खोली जाते. काकांनी सिद्ध संख्येचा मेसेज डिलीट केला नाही, पण एजंटाला फोन लावला.