व्यक्तीची नैतिक पारख

कृत्य योग्य की अयोग्य एवढ्यावर न थांबता ते करणारा माणूसच चांगला की वाईट, असा निवाडा करणे. शील सवयीने घडते, असे ॲरिस्टॉटलने मांडले. त्यामुळे एकाच प्रसंगावरून ते पारखता येत नाही. व्यवहारात मात्र नेमके तेच घडते. परिस्थितीचा विचार न करता दुसऱ्याच्या स्वभावालाच दोष देण्याच्या या प्रवृत्तीला ली रॉस या मानसशास्त्रज्ञाने १९७७ मध्ये ‘मूलभूत आरोपण दोष’ म्हटले.

पुण्यातले याचे ठळक उदाहरण म्हणजे पंचहौद या ख्रिस्ती मिशनचे चहा प्रकरण. ऑक्टोबर १८९० मध्ये वेताळ पेठेतील (आताची गुरुवार पेठ) या मिशनमध्ये व्याख्यानानंतर चहा-बिस्किटे आली. कोणी चहा घेतला, कोणी पेल्याला नुसता हात लावला. गोपाळराव जोशी यांनी हजर असलेल्यांची नावे ‘पुणे वैभव’ पत्रात छापून आणली आणि ख्रिस्ती लोकांकडचा चहा घेऊन धर्म बुडवल्याच्या आरोपावरून ग्रामण्य (जातिबहिष्काराचा वाद) उभे राहिले. तक्रार शंकराचार्यांपर्यंत गेली. हजर असलेल्यांत टिळक आणि न्या. रानडेही होते. टिळकांनी आपण काशीला प्रायश्चित्त घेतल्याचे दाखवले. रानडे यांनी १८९२ मध्ये प्रायश्चित्त घेतले, तेव्हा सुधारकच त्यांच्यावर तुटून पडले. चहासाठी सनातन्यांनी ज्यांना भ्रष्ट ठरवले, त्याच रानड्यांना प्रायश्चित्तासाठी सुधारकांनी कच्चे ठरवले. प्रार्थना समाज, सार्वजनिक सभा, विधवाविवाहाची चळवळ यांत त्यांनी घातलेली वर्षे दोन्ही निकालांत कुठेच धरली गेली नाहीत, आणि हा अन्यायच होता. मुलींना शिकवायला निघालेल्या सावित्रीबाई फुले यांच्यावर शेण-चिखल फेकणारेही स्वतःला धर्माचे राखणदार समजत होते.

म्हणून पारखच करू नये, हे मत मात्र टिकत नाही. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला. पेशव्यांचे न्यायाधीश रामशास्त्री प्रभुणे यांनी चौकशी करून रघुनाथरावांना दोषी ठरवले, देहान्त प्रायश्चित्तच सांगितले आणि पद सोडले. त्यांचा निवाडा शोधलेल्या, सिद्ध झालेल्या कृत्यावर उभा होता, पेठेतल्या कुजबुजीवर नव्हे. त्याचे मोल त्यातच आहे.

कायद्यानेही हा भेद पाळला आहे. १८७२ च्या भारतीय पुरावा कायद्यानुसार फौजदारी खटल्यात आरोपीचे चांगले चारित्र्य पुराव्यात येऊ शकत असे. वाईट चारित्र्याचा पुरावा मात्र सर्वसाधारणपणे, बचाव पक्षाने आधी चांगले चारित्र्य मांडले असेल तरच चाले. २०२३ च्या भारतीय साक्ष अधिनियमातही हीच तरतूद कायम आहे.